फुलवालीची खात्री

घरात त्याला घुम्या म्हणत. लहानपणी गुडघा फुटला तरी हा रडायचा नाही, भिंतीला टेकून नुसता बसून राहायचा. आई म्हणाली, हा घुम्या कुठला, आणि ते नाव जे चिकटलं ते चिकटलंच. मोठा झाल्यावर तो लिफ्टदुरुस्तीच्या कामाला लागला. ते काम त्याला मानवलं, कारण लिफ्टच्या खड्ड्यात उतरलं की बोलायला कोणी नसतं. तारा, पुली, ग्रीस आणि तो.

एका संध्याकाळी त्याच्या कामाच्या रस्त्यावरच्या घड्याळाच्या दुकानात कोणीतरी शिरलं, दुकानदाराच्या डोक्यात लोखंडी नळी घातली आणि काउंटरमधली घड्याळं पिशवीत कोंबून पळालं. दुकानदार वाचला, पण त्या दिवसातलं जेवणानंतरचं काही म्हणजे काही त्याला आठवेना. घुम्या त्या वेळी चार इमारती पलीकडे, लिफ्टच्या तळाशी, एकटा काम करत होता. खड्ड्यातल्या माणसाला कोण बघणार?

समोरच्या फुलांच्या दुकानातली बाई मात्र रस्त्यावर होती. दुकान बंद करायच्या आधी ती फुलांच्या बादल्या आत घेत होती. तिने पळणारा माणूस पाहिला. अंगात कामगारांचा गळ्यापासून पायापर्यंतचा निळा बॉयलर सूट, डोक्यावर टोपी. पोलिसांनी त्या भागात निळे कपडे घालून कोण कोण काम करत होतं याची चौकशी केली, तेव्हा एका रखवालदाराने लिफ्टवाल्याचं नाव सांगितलं. पुढे खटला उभा राहिला आणि फुलवाली साक्षीला आली.

तिची साक्ष ऐकायला घुम्याचे वडील कोर्टात होते. म्हातारा एका कारखान्याच्या गेटवर नोकरी करून निवृत्त झालेला. हजारो कामगार, तीन पाळ्या, आणि कोण कुठल्या खात्यातला हे त्याला तोंडपाठ. चेहरा एकदा पाहिला की विसरायचा नाही, असा त्याचा लौकिक होता आणि त्याला त्याचा अभिमानही होता. फुलवाली पिंजऱ्यात उभी राहिली. साधी साडी, मध्यम वय, आवाज किंचित कापरा. सरकारी वकिलाने विचारलं, पळून जाणारा माणूस इथे हजर आहे का? तिने घुम्याकडे बोट केलं.

"हाच तो. शंभर टक्के हाच. हा चेहरा मी मरेपर्यंत विसरणार नाही."

बचावाच्या वकिलाने तिला उलटसुलट विचारून पाहिलं. ती कुठेच अडखळली नाही. घुम्याला काही सांगायचंय का असं न्यायाधीशांनी विचारलं, तेव्हा तो म्हणाला, "मी केलेलं नाही," आणि गप्प झाला. त्याला वाटलं, एवढं पुरे. खरं आहे ते एकदाच सांगायचं असतं, अशी त्याची समजूत. त्याच्या गप्प बसण्याचा लोकांनी निराळाच अर्थ काढला. सात वर्षांची शिक्षा झाली.

त्या संध्याकाळी घरी आल्यावर वडील जेवले नाहीत. मुलीने, म्हणजे घुम्याच्या थोरल्या बहिणीने, पाण्याचा पेला पुढे केला तर म्हणाले, "ती बाई खोटं बोलत नव्हती गं." आणि त्या एका वाक्यात ते अडकून बसले. गेटवर आयुष्य काढलेल्या माणसाला थापाड्या ओळखता येतो. ती बाई थापाडी नव्हती. मग उरलं काय? ते तुरुंगात मुलाला भेटायला एकदाही गेले नाहीत. कोणी विषय काढला की उठून गॅलरीत जायचे.

बहीण मोटार चालवायला शिकवायची. दिवसभर शिकाऊ लोकांच्या शेजारी बसून, पायाखालच्या जादा ब्रेकवर पाय ठेवून, आरशात बघा, आरशात बघा म्हणत शहरभर फिरायची. तिच्या नवऱ्याची बेकरीत नोकरी होती. तो बायकोला म्हणायचा, तुझ्या धंद्यात रोज एकदा तरी जीव जातो, माझा फक्त पाव करपतो. शिक्षा झाल्यापासून हे विनोद त्याने आवरते घेतले होते. बायको घरात बोलायची ती एकाच माणसाबद्दल, फुलवालीबद्दल. शिकवणी संपली की ती रिकामी गाडी घेऊन त्या रस्त्यावर जायची आणि फुलांच्या दुकानासमोर उभी करायची. आत जाऊन त्या बाईला खडसवावं की तिचे पाय धरावेत, हे तिचं ठरत नव्हतं. ठरत नव्हतं म्हणूनच ती उतरली नाही.

अपिलाचं काम एका वकीलबाईंकडे गेलं. झेरॉक्सच्या दुकानावर त्यांची एक खोली होती. खालचं मशीन चालू असलं की टेबलावरचा चहा थरथरायचा. बाई उंच, सावकाश बोलणाऱ्या, समोरच्याचं पूर्ण ऐकून मगच तोंड उघडणाऱ्या. पहिल्याच भेटीत त्यांनी विचारलं, त्या साक्षीदार बाईशी घरातलं कोणी बोललंय का. बहिणीने गाडी उभी करायचं सांगून टाकलं. वकीलबाईंनी हातातलं पेन खाली ठेवलं. परत त्या रस्त्याला जायचं नाही, त्या म्हणाल्या. तुम्ही त्या दुकानात पाऊल टाकलंत की साक्षीदाराला धमकावल्याची तक्रार होईल, आणि तुमच्या भावाचं अपील तिथेच बसेल.

मग त्यांनी अपील म्हणजे काय ते समजावून सांगितलं. वरचं कोर्ट सगळ्यांना पुन्हा बोलावून नव्याने विचारत नाही. खाली जे बोललं गेलं, ते वाचतं. तेव्हा कुठून तरी नवा पुरावा उगवेल याची वाट बघण्यात अर्थ नाही, जे सगळ्यांच्या डोळ्यांसमोर होतं तेच कोणी नीट पाहिलं नाही.

"म्हणजे ती खोटं बोलली हे दिसून येईल?" बहिणीने विचारलं.

"नाही. तीच तर अडचण आहे," वकीलबाई म्हणाल्या. "खोटं बोलणारा माणूस कुठे ना कुठे सापडतो. ही बाई सापडली नाही, कारण तिला जे दिसतं तेच ती सांगत होती. आपला प्रश्न एवढाच, की तिला ते कधीपासून दिसायला लागलं?"

घटना घडली त्या संध्याकाळी फुलवालीने पोलिसांना सांगितलं होतं, माणूस मध्यम बांध्याचा, निळे कपडे, टोपी, चेहरा ओझरता दिसला. पुढच्या आठवड्यात तिला ठाण्यावर बोलावलं, तेव्हा बाकावर घुम्या एकटा बसलेला होता आणि शेजारी शिपाई उभा होता. हवालदाराने विचारलं, हा का? ती म्हणाली, असेल, वाटतोय तसा. त्यानंतर रीतसर ओळखपरेड झाली. एका रांगेत माणसं उभी केली, आणि त्यात तिने आधी पाहिलेला माणूस एकच होता. तिने लगेच बोट दाखवलं. मग वर्तमानपत्रात त्याचा फोटो आला. मग कोर्ट. ओझरता, मग वाटतोय तसा, मग हाच, मग मरेपर्यंत विसरणार नाही.

"आणि हे बघा," वकीलबाई म्हणाल्या. घुम्याच्या डाव्या गालापासून हनुवटीपर्यंत लहानपणी भाजल्याचा डाग होता. त्याला भेटणाऱ्या कोणाच्याही नजरेत पहिल्यांदा तोच भरायचा. पहिल्या दिवशी फुलवाली त्या डागाबद्दल चकार शब्द बोलली नव्हती. कोर्टात मात्र तिने डागाचं वर्णन केलं होतं. बाई घाबरली होती, सांगायचं राहून गेलं असेल, असं म्हणून खालच्या कोर्टाने ते सोडून दिलं होतं.

बहिणीला हे सगळं पटलं, पण राग गेला नाही. ती म्हणाली, माझा माणूस मी कुठल्याही उजेडात ओळखेन, आणि हिला माणूस ओळखता येत नाही तर हिने बोट कशाला दाखवावं? वकीलबाईंनी त्यावर वाद घातला नाही. त्यांना फक्त ती जागा स्वतः बघायची होती, त्याच ऋतूत, त्याच उजेडात, फुलवालीचं दुकान बंद असेल अशा वारी. तिथून काय दिसतं आणि काय दिसत नाही ते कळल्याशिवाय मी कोर्टात उभी राहणार नाही, असं त्या म्हणाल्या. कोणीतरी निळा सूट घालून त्या कडेने पळायला हवं होतं. बहिणीने नवऱ्याचं नाव सुचवलं. त्याच्या बेकरीत भट्टीची दुरुस्ती करणाऱ्यांचे निळे सूट पडलेलेच असायचे.

वडिलांना यायचं नव्हतं. मुलीने त्यांना डॉक्टरकडून परस्पर तिकडे नेलं. नुसतं गाडीत बसा, म्हणाली. पण गाडीत बसून कंटाळा आला तसे ते उतरले आणि हात मागे बांधून फुलांच्या दुकानाच्या बंद शटरपाशी येऊन उभे राहिले. अंधारून येत होतं. आकाशात उजेड होता, रस्त्यावर नव्हता. समोरून एक रिकामा टेम्पो गेला, आणि तो पुढे सरकताच घड्याळाच्या दुकानाच्या पायरीवरून निळ्या सुटातला माणूस उतरला, पिशवी छातीशी धरून भिंतीकडेने पळाला आणि कोपऱ्यावर दिसेनासा झाला.

वकीलबाईंनी वडिलांना सहज विचारलं, काका, काय दिसलं?

"काय दिसायचंय? आमचे जावईबापू पळाले," वडील म्हणाले. "पळताना उजवा खांदा पाडतात, तसाच पाडला. वळताना तोंड दिसलं की."

"नक्की?"

"गेटवर आयुष्य गेलंय माझं, बाई. सांगाल तिथे शपथेवर सांगतो."

बहिणीनेही मान डोलावली. तिलाही नवराच दिसला होता, धापा टाकणारा, थोडा वाकलेला. वकीलबाई काहीतरी टिपून घ्यायला लागल्या. तेवढ्यात मागून आवाज आला, "चहा घ्या, गार होतोय."

जावई मागे उभा होता. अंगात त्याचा रोजचा चौकटीचा शर्ट, हातात चहाचे कप. तो ओशाळून सांगायला लागला की सूट आणला होता, पण चेन पोटावर येऊन जी अडली ती वर जाईना. श्वास रोखून पाहिला, सोडून पाहिला. शेवटी बेकरीतल्या भट्टीवाल्याला बरोबर आणलं होतं त्यालाच पळायला लावलं. सांगायला येतच होतो, पण म्हटलं येता येता चहा घेऊन यावा.

कोणी कप हातात घेईना. कोपऱ्यावरून भट्टीवाला टोपी काढून हसत येत होता. जावयापेक्षा बराच तरुण, आणि ओठावर जाड मिशी. जावयाला मिशी नव्हती.

"मलाही तुम्हीच दिसलात," वकीलबाई हळू आवाजात म्हणाल्या. "तुम्ही पळणार हे मला माहीत होतं ना."

वडील कोपऱ्याकडे बघत राहिले. त्यांनी भट्टीवाल्याला जवळ बोलावलं, त्याच्या तोंडाकडे निरखून पाहिलं, मग जावयाकडे पाहिलं. "मी तोंड पाहिलं," ते म्हणाले. "खोटं नाही बोलत मी. मी खरंच पाहिलं." बोलता बोलता ते शब्द त्यांचे त्यांनाच ऐकू आले.

परतीच्या वाटेवर वकीलबाई म्हणाल्या की हे कोर्टात सांगता येणार नाही, आपल्या माणसांनी आपल्यासाठी केलेला खेळ म्हणून उडवून लावतील. पण आपण कशाबद्दल बोलतोय ते मला आज कळलं. वडील काचेतून बाहेर बघत होते. घर जवळ आलं तेव्हा त्यांनी मुलीला विचारलं, "तिकडे भेटायला जायचं असेल तर आधी सांगावं लागतं का?"

तुरुंगाच्या भेटीच्या खोलीत मधे जाळी होती आणि दोन्हीकडे ओरडून बोलणारी माणसं. वडील बाकावर बसले. घुम्या आला, वडिलांना पाहून दारातच थबकला, मग समोर येऊन बसला. बराच वाळला होता. बहीण मागे भिंतीशी उभी राहिली.

"मी त्या बाईवर विश्वास ठेवला. तुझ्यावर नाही," वडील म्हणाले.

"माहीत होतं."

"कोणी सांगितलं?"

"तुम्ही येत नव्हता ना, बाबा." घुम्याने जाळीवर बोटं ठेवली. "तुम्ही मला कधी विचारलंतही नाही."

वडिलांनी मान खाली घातली, मग वर केली. "आता विचारतो. तू केलंस का?"

"नाही."

"बरं," वडील म्हणाले. बहीण नंतर नवऱ्याला सांगत होती की तेवढ्या एका शब्दाने घुम्याचा चेहरा असा उजळला की तिला भिंतीकडे तोंड करून उभं राहावं लागलं. त्यानंतर वडील दर भेटीला गेले. जाळीच्या दोन्ही बाजूंना दोन कमी बोलणारी माणसं बसायची, पण वेळ संपल्याची घंटा झाली की दोघांचंही काहीतरी सांगायचं राहिलेलं असायचं.

अपिलाची सुनावणी दोन न्यायाधीशांपुढे झाली. सरकारी वकिलांचा मुद्दा सरळ होता. बाईचं आरोपीशी वैर नाही, खोटं बोलून तिला मिळायचं काही नाही, उलटतपासणीत ती जराही हलली नाही. वकीलबाई उठल्या आणि म्हणाल्या की हे सगळं मला मान्य आहे. एका न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं.

"मग आम्ही तिच्यावर विश्वास का ठेवू नये?"

"तिच्या प्रामाणिकपणावर जरूर ठेवावा," वकीलबाई म्हणाल्या. "तिच्या नजरेवर आणि आठवणीवर किती ठेवायचा, ते वेगळं तपासायला हवं. खालच्या कोर्टाने ती दोन्ही एकच मानली."

मग त्यांनी तो प्रवास मांडला. रस्त्याची रुंदी, मावळता उजेड, पळणारा माणूस, टोपी. पहिल्या दिवशीचं ओझरतं वर्णन. बाकावर एकटा बसवलेला आरोपी. जो डाग पहिल्यांदा दिसायला हवा होता तो सगळ्यात शेवटी कसा दिसायला लागला. त्यांनी फुलवालीबद्दल एकही वावगा शब्द काढला नाही. दुसऱ्या न्यायाधीशांनी सरकारी वकिलांना विचारलं, परेड व्हायच्या आधी आरोपीला तिला एकटा का दाखवला? सरकारी वकिलांनी कागद चाळले, मागे बसलेल्या पोलिसाकडे पाहिलं. पोलिसाने छताकडे पाहिलं. तिच्या साक्षीखेरीज आरोपीविरुद्ध दुसरं काय आहे, हा न्यायाधीशांचा पुढचा प्रश्न होता. चोरीला गेलेलं एकही घड्याळ त्याच्याकडे सापडलेलं नव्हतं.

निकाल लगेच लागला नाही. त्या मधल्या काळात सगळ्यांचा जीव टांगणीला लागला होता. बहिणीने जादा ब्रेक दाबायच्या ऐवजी हॉर्न वाजवून गाडी थांबवायचा प्रयत्न केला, असं एक शिकाऊ माणूस सगळीकडे सांगत सुटला. वडिलांनी घुम्याची खोली झाडली, गादी उन्हात टाकली, आणि कोणी विचारलं तर म्हणायचे, ऊन चांगलं आहे म्हणून टाकली.

निकालाच्या दिवशी कोर्टाची खोली अर्धी रिकामी होती. न्यायाधीशांनी वाचायला सुरुवात केली. एकट्या साक्षीदारावर शिक्षा देता येते, पण त्या साक्षीदाराला काय दिसू शकत होतं आणि ती ओळख कशी घडवली गेली याची छाननी झालीच पाहिजे. साक्षीदाराची खात्री ही त्या छाननीची जागा घेऊ शकत नाही. दोषसिद्धी रद्द. आरोपीची मुक्तता. बहिणीला मधले शब्द नीट कळले नाहीत. तिने वकीलबाईंकडे पाहिलं, आणि वकीलबाईंनी डोळे मिटून मान हलवली, तेव्हा तिला रडू फुटलं.

बाहेर जिन्यापाशी फुलवाली उभी होती. तिला कोणी बोलावलं नव्हतं, आपल्या पायांनी आली होती आणि मागच्या बाकावर बसून सगळं ऐकलं होतं. बहिणीची पावलं थांबली. इतक्या दिवसांत या बाईला काय काय सुनवायचं म्हणून जमवलेलं सगळं तिच्या तोंडाशी आलं आणि तिथेच राहिलं. वडील पुढे झाले.

"मी खोटं बोलले नाही," फुलवाली म्हणाली. तिचे ओठ कोरडे पडले होते. "अजूनही डोळे मिटले की मला तोच दिसतो. तुमचाच मुलगा. आता मी काय करू?"

"तुम्ही खोटं बोललात असं मी म्हणणार नाही," वडील म्हणाले. त्यांनी तिला जावयाची हकीकत सांगितली, सुटाच्या चेनपासून मिशीपर्यंत. "मला अजूनही तो वळताना जावईच दिसतो, बाई. तो तिथे नव्हता हे माहीत असूनही. दिसतं ते दिसू दे. आपण त्याच्यावर शपथ घ्यायची नाही, एवढं आपल्या हातात."

फुलवाली पायरीवर बसली. थोड्या वेळाने तिने विचारलं, मुलगा बरा आहे ना? बहिणीनेच उत्तर दिलं. वाळलाय, पण बरा आहे, ती म्हणाली, आणि पिशवीतली पाण्याची बाटली तिच्यापुढे धरली. फुलवालीने दोन घोट घेतले. एवढंच झालं. त्यापुढे त्या दोघी मैत्रिणी वगैरे झाल्या नाहीत. पण बहिणीच्या बोलण्यातून ती बाई हळूहळू गेली, आणि घर हलकं झालं.

घड्याळाच्या दुकानात शिरलेला माणूस अजून सापडलेला नाही. दुकानदाराने तपास पुन्हा सुरू करावा म्हणून अर्ज केला आहे, आणि त्या अर्जासाठी वकीलबाईंनीच त्याला मदत केली.

घुम्या सुटला त्या दिवशी जावयाने बेकरीतून गरम पाव आणला आणि घुम्याने तो उभ्याउभ्याच खाल्ला. पहिले काही दिवस तो खोलीचं दार उघडं टाकूनच झोपायचा. जुन्या कंपनीने त्याला परत घेतलं नाही, पण एका दवाखान्याची लिफ्ट सारखी बंद पडायची, तिथल्या व्यवस्थापकाने त्याला बोलावलं. कामावर जायच्या आदल्या दिवशी वडील म्हणाले, चल, बूट घेऊ, जुने कडक झालेत. दुकानात त्यांनी चार जोड काढायला लावले. दुकानदाराने विचारलं, काम कसलं आहे, उभं राहायचं की चालायचं? वडील उत्तर द्यायला गेले, तोच घुम्या बोलायला लागला. लिफ्टचा खड्डा कसा असतो, तेलामुळे तळ कसा घसरतो, टाचेला किती पकड लागते, दवाखान्याची लिफ्ट मधल्या मजल्यावरच का अडकत असेल आणि त्याला वाटतं दोष दरवाजाच्या खटक्यात आहे. दुकानदार बूट हातात धरून ऐकत होता. वडिलांनी शेजारचं स्टूल ओढलं, त्यावर निवांत बसले, आणि मुलाला मध्ये तोडलं नाही.